न्यायमूर्ती बद्रुद्दीन तय्यबजी : वॉरंट, जामीन आणि इन्साफ



बद्रुद्दीन तय्यबजी हे नाव आपल्या घरांतून घेतले जाते ते बहुधा मुंबईच्या अंजुमन-ए-इस्लामच्या निमित्ताने. बोरीबंदर स्टेशनसमोरची ती देखणी इमारत आपल्यापैकी अनेकांनी पाहिली असेल, काहींचे वडील-आजोबा तिथे शिकलेही असतील. कौमच्या तालीमसाठी झटणारा एक मोठा माणूस, एवढी त्यांची ओळख आपल्याला असते, आणि ती खरीच आहे. परंतु मरहूम बद्रुद्दीन हे मुंबई हायकोर्टाचे न्यायमूर्ती होते, आणि न्यायासनावर बसून एके दिवशी त्यांनी जो हुकूम दिला त्याची माहिती आपल्या मुलांना फारशी नसते. तो दिवस होता 4 ऑगस्ट 1897. त्या दिवसाकडे आपल्याला जायचे आहे, पण आधी माणूस ओळखून घेऊ.

बद्रुद्दीन यांचा जन्म मुंबईत 10 ऑक्टोबर 1844 रोजी झाला. घराणे सुलेमानी बोहरा, मूळचे खंबायतचे. वडील मुल्ला तय्यबअली हे व्यापारानिमित्त मुंबईत येऊन स्थिरावलेले. इंग्रजी शिकणे म्हणजे दीन गमावणे, अशी समजूत तेव्हा आपल्या समाजात घट्ट होती. अशा काळात या गृहस्थांनी आपल्या मुलांना शिक्षणासाठी थेट विलायतेला पाठवले. थोरले कमरुद्दीन हे इंग्लंडमध्ये 1858 साली सॉलिसिटर झाले आणि तो मान मिळवणारे ते पहिले हिंदी गृहस्थ ठरले. पालकहो, या वडिलांच्या धाडसाचा जरा विचार करा. आगबोटीचा प्रवास, महिनोन्‌महिने पत्र नाही, शेजारीपाजारी नावे ठेवणार. आज मुलाला तालुक्याच्या गावी ठेवायचे तरी आपण दहा वेळा विचार करतो.

बद्रुद्दीन यांचे पहिले शिक्षण दादा मखरा यांच्या मदरशात झाले. तिथे ते उर्दू आणि फारसी शिकले. नंतर एल्फिन्स्टन इन्स्टिट्यूशनमध्ये गेले. लहानपणापासून त्यांचे डोळे अधू होते, त्यावर इलाज करण्यासाठी त्यांना फ्रान्सला नेण्यात आले. 1860 साली ते इंग्लंडला पोहोचले, 1863 साली मिडल टेंपलमध्ये बॅरिस्टरीसाठी नाव घातले, आणि पुन्हा डोळ्यांनी दगा दिला. 1864 च्या अखेरीस अभ्यास अर्धवट टाकून त्यांना मुंबईला परतावे लागले. दुसरा कोणी असता तर वडिलोपार्जित पेढीवर बसला असता. हे मात्र वर्षभराने पुन्हा निघाले आणि एप्रिल 1867 मध्ये बॅरिस्टर झाले. त्याच वर्षी मुंबईला येऊन त्यांनी हायकोर्टात वकिली सुरू केली. मुंबई हायकोर्टातले ते पहिले हिंदी बॅरिस्टर. घरात सॉलिसिटर भाऊ होता हा आधार काही लहान नव्हता, परंतु गोऱ्या बॅरिस्टरांच्या त्या मेळाव्यात टिकून राहायचे ते स्वतःच्याच अकलेवर, आणि ते टिकले.

पुढची पंधरा-वीस वर्षे आपण भरभर पाहू. 1873 साली ते मुंबईच्या कॉर्पोरेशनवर आले, 1882 साली प्रांताच्या कायदे कौन्सिलात गेले. फिरोजशहा मेहता आणि काशीनाथ त्र्यंबक तेलंग यांच्याशी त्यांची जोडी अशी जमली की मुंबईच्या सार्वजनिक कामात या तिघांची नावे एकत्रच घेतली जात. एक पारशी, एक हिंदू, एक मुसलमान, आणि तिघेही कायद्याचे पंडित.

या तिघांनी 1883 साली एका फौजदारी कायद्याच्या प्रश्नावर टाऊन हॉल गाजवला. तो प्रश्न इलबर्ट बिलाचा. हिंदी मॅजिस्ट्रेट कितीही विद्वान असो, जिल्ह्याच्या ठिकाणी गोऱ्या आरोपीचा खटला त्याच्यापुढे चालत नसे. क्रिमिनल प्रोसीजर कोडातला हा भेद काढून टाकावा असे ते बिल होते. देशभरच्या गोऱ्या लोकांनी त्यावर एकच गिल्ला केला. अखेर 1884 साली सरकारने तडजोड केली. भेद नावापुरता कमी झाला, पण गोऱ्या आरोपीला निम्मे ज्युरर गोरे मागण्याचा हक्क मिळाला. फौजदारी प्रक्रियेचा कायदा म्हणजे कोरडा नियमांचा गठ्ठा असे ज्यांना वाटत असेल त्यांनी हा प्रसंग वाचावा. कोणाला कोण पकडणार, कोणापुढे उभे करणार, कोण सोडणार, यातच राज्य कोणाचे आहे ते कळते.

अंजुमनच्या स्थापनेत त्यांचा पुढाकार होता, पहिली शाळा 1880 साली निघाली, आणि बोरीबंदरसमोरची इमारत 1893 साली पुरी झाली, हे आपल्याला ठाऊक आहे. 1887 साली मद्रासला भरलेल्या काँग्रेसच्या तिसऱ्या अधिवेशनाचे ते अध्यक्ष होते. त्यावरून सर सय्यद अहमद खान यांच्याशी त्यांचा मतभेद झाला. मुसलमानांनी काँग्रेसपासून दूर राहावे असे सर सय्यद यांचे म्हणणे, तर आत राहून आपले म्हणणे मांडावे असे बद्रुद्दीन यांचे. दोघेही तालीमचे कैवारी, दोघांचाही हेतू नेक. हा वाद पत्रांतून झाला आणि सभ्यतेने झाला, एवढेच इथे सांगणे पुरे. 1895 साली बद्रुद्दीन मुंबई हायकोर्टाचे न्यायमूर्ती झाले. त्या न्यायासनावर बसणारे ते पहिले मुसलमान.

आता 1897 साल. पुण्यात प्लेगने हाहाकार केला होता. प्लेग कमिटीचे प्रमुख रँड यांच्या घरझडत्यांनी लोक चिडले होते. 22 जून 1897 च्या रात्री गणेशखिंडीच्या रस्त्यावर रँड आणि त्यांच्यामागून येणारे आयर्स्ट यांच्यावर गोळ्या झाडण्यात आल्या. आयर्स्ट जागीच मेले, रँड काही दिवसांनी. गोऱ्या वर्तमानपत्रांनी बोट दाखवले ते केसरीकडे. आठवडाभर आधी, 15 जूनच्या केसरीत शिवाजी उत्सवासंबंधी जो मजकूर आला होता तो राजद्रोहाचा आहे असे ठरवून सरकारने इंडियन पिनल कोडाच्या 124 अ कलमाखाली बाळ गंगाधर टिळक यांच्यावर खटला करण्याचे ठरवले. टिळक तेव्हा मुंबईत होते. प्रेसिडेन्सी मॅजिस्ट्रेटकडून वॉरंट निघाले आणि 27 जुलैच्या रात्री त्यांना पकडण्यात आले.

इथे क्षणभर थांबून वॉरंट म्हणजे काय ते नीट पाहू, कारण या शब्दाची आपल्या मोहल्ल्यांतून नुसती दहशत आहे, माहिती कमी. अटकेचे वॉरंट हा कोर्टाचा लेखी हुकूम असतो. त्यावर हुकूम देणाऱ्या न्यायाधीशाची सही आणि कोर्टाचा शिक्का लागतो. त्यात पोलिसांना सांगितलेले असते की अमुक माणसाला धरून आमच्यापुढे हजर करा. म्हणजे वॉरंट ही शिक्षा नव्हे, माणसाला कोर्टापुढे आणण्याचे ते साधन आहे. ज्याला पकडायचे त्याला वॉरंटातला मतलब सांगावा लागतो, आणि त्याने मागितले तर वॉरंट दाखवावे लागते. कोर्टाला वाटले तर वॉरंटावरच असा शेरा मारता येतो की या माणसाने अमुक रकमेचा जामीन दिला तर त्याला सोडून द्यावे. यालाच आपण जामीनपात्र वॉरंट म्हणतो. आणि सगळ्यात महत्त्वाचे म्हणजे वॉरंट बजावले जाईपर्यंत, किंवा ज्या कोर्टाने ते काढले ते कोर्ट ते रद्द करीपर्यंत जिवंत राहते. वर्ष लोटले म्हणून ते मरत नाही. पण काढणाऱ्या कोर्टाला ते मागे घेण्याचाही अधिकार आहे. तारीख चुकली म्हणून वॉरंट निघाले तर गाव सोडून पळण्यापेक्षा वकिलामार्फत त्याच कोर्टापुढे जाऊन कारण सांगणे, आणि वॉरंट रद्द करण्याचा अर्ज देणे, हाच शहाणपणाचा मार्ग. हे नियम टिळकांच्या वेळच्या 1882 च्या कोडात होते, 1898 आणि 1973 च्या कोडांत राहिले, आणि 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेतही कलमांचे आकडे बदलून तेच आहेत. 2007 साली इंदर मोहन गोस्वामी यांच्या खटल्यात सुप्रीम कोर्टाने याला एक पायरी जोडून दिली. साधारणपणे आधी समन्स काढावे, ते चुकवले तर जामीनपात्र वॉरंट, आणि तेही चुकवले तरच बिनजामिनी वॉरंट.

वॉरंटमध्ये एक दिलासाही दडलेला आहे. कोर्टाने काढलेले वॉरंट असेल तर पकडलेल्या माणसाला जाण्यासाठी कोर्टाचा दरवाजा असतो. याचा उलटा दाखला त्याच आठवड्यात पुण्यात घडला. सरदार नातू बंधू यांना 1827 च्या पंचविसाव्या रेग्युलेशनखाली उचलण्यात आले. आरोप नाही, खटला नाही, मॅजिस्ट्रेट नाही. सरकारची मर्जी संपेपर्यंत कैद. त्यांना जामीन कोणाकडे मागायचा हाच प्रश्न होता. टिळकांना निदान मागायला जागा होती.

टिळकांनी मागितलाही. मॅजिस्ट्रेटने जामीन नाकारला. मग हायकोर्टात अर्ज गेला, तो न्यायमूर्ती पार्सन्स आणि न्यायमूर्ती रानडे यांच्यापुढे. रानडे म्हणजे महादेव गोविंद रानडे, पुण्याचेच, टिळकांना वर्षानुवर्षे ओळखणारे. तिथेही त्या टप्प्यावर जामीन मिळाला नाही. यात रानडे यांना दोष देण्याची अनेकांना घाई असते. मला तसे वाटत नाही. प्रकरण अजून मॅजिस्ट्रेटपुढे होते, आणि वरच्या कोर्टाने मध्ये हात घालू नये हाही एक विचार असू शकतो. ऑगस्टच्या सुरुवातीला मॅजिस्ट्रेटने खटला हायकोर्टाच्या सेशनकडे पाठवला. आता सुनावणी सप्टेंबरात. तोपर्यंत टिळकांनी तुरुंगातच बसायचे काय? 4 ऑगस्टला बॅरिस्टर दिनशा दावर यांनी पुन्हा अर्ज केला. समोर बसले होते न्यायमूर्ती बद्रुद्दीन तय्यबजी.

वाचकहो, त्या खुर्चीत बसलेल्या माणसाची स्थिती लक्षात घ्या. न्यायमूर्ती होऊन दोनच वर्षे झालेली. दोन गोरे अधिकारी मारले गेलेले, गोरा समाज संतापलेला. त्याच हायकोर्टाच्या दोन न्यायमूर्तींनी काही दिवसांपूर्वी जामीन नाकारलेला. आणि समोरचा आरोपी कोण? बद्रुद्दीन काँग्रेसमधल्या नेमस्त विचाराचे, टिळक जहाल. 1893 च्या मुंबईच्या दंग्यांनंतर टिळकांनी जे लिहिले, आणि गणेशोत्सवाला जे सार्वजनिक रूप दिले, त्यावरून मुसलमान समाजात त्यांच्याविषयी नाराजी होती. हे झाकून ठेवण्यात काही अर्थ नाही. बद्रुद्दीन यांनी जामीन नाकारला असता तर सरकार खूश झाले असते, आणि आपल्याही समाजात कोणी तक्रार केली नसती.

कायदाही सोपा नव्हता. राजद्रोहाचा गुन्हा जन्मठेप काळ्या पाण्यापर्यंत शिक्षेचा, म्हणून बिनजामिनी. कोडाचे 497 कलम म्हणत होते की आरोपीने गुन्हा केला आहे असे मानायला सबळ कारण दिसले तर त्याला सोडू नये. त्याच्याच पुढचे 498 कलम मात्र हायकोर्टाला आणि सेशन कोर्टाला अधिकार देत होते की कोणत्याही प्रकरणात, कोणाही माणसाला जामिनावर सोडण्याचा हुकूम देता येईल. पहिले कलम खालच्या कोर्टाचे हात बांधते, दुसरे वरच्या कोर्टाचे हात मोकळे करते. प्रश्न होता तो हा मोकळा हात कोणत्या विचाराने वापरायचा.

बद्रुद्दीन यांनी जे कारण धरले ते वॉरंटाच्या मूळ हेतूपर्यंत जाणारे होते. आरोपीला अटकेत ठेवायचे कशासाठी? खटल्याच्या दिवशी तो हजर राहावा यासाठी. तो जामिनावर सुटला तरी हजर राहील असे दिसत असेल तर त्याला कोंडून ठेवण्याचे कारण उरत नाही. जामीन नाकारणे ही आगाऊ शिक्षा होता कामा नये. महिनाभर तुरुंगात ठेवले आणि नंतर ज्युरीने निर्दोष सोडले, तर त्या महिन्याची भरपाई कोण करणार? शिवाय बचावाची तयारी करायची, वकिलांशी बोलायचे, कागद गोळा करायचे, तर माणूस मोकळा हवा. टिळक काही कोपऱ्यातले अनोळखी इसम नव्हते. कायदे कौन्सिलाचे सभासद, वर्तमानपत्राचे मालक, सगळ्या इलाख्याला माहीत असलेले गृहस्थ. ते पळून जातील असे कोण म्हणेल? आरोपीची मते आपल्याला पसंत आहेत की नाहीत हा प्रश्न त्यांनी या हिशोबात येऊच दिला नाही. सरकारी बाजूचा विरोध बाजूला ठेवून त्यांनी मोठ्या रकमेच्या मुचलक्यावर आणि जामीनदारांवर टिळकांना सोडण्याचा हुकूम दिला.

त्या हुकुमाने काय झाले? टिळकांना सुनावणीपर्यंत महिनाभराचा अवधी मिळाला. बंगालमधून पैशाची मदत आली, कलकत्त्याहून प्यू आणि गार्थ हे बॅरिस्टर मुंबईला आले. 8 सप्टेंबरला न्यायमूर्ती स्ट्रेची यांच्यापुढे खटला उभा राहिला आणि टिळक ठरल्या वेळी कोर्टात हजर होते. नऊ ज्युररांपैकी सहा युरोपियन, तीन हिंदी. लेख मराठीतले, आणि निकाल देणारे बहुतेक मराठी न जाणणारे. 14 सप्टेंबरला सहा विरुद्ध तीन मतांनी टिळक दोषी ठरले आणि त्यांना अठरा महिन्यांची सक्तमजुरी झाली. म्हणजे जामिनाने शिक्षा टळली नाही. तशी ती टाळण्यासाठी जामीन नसतोच. पण टिळक त्या कोर्टात उभे राहिले ते तयारीनिशी आणि आपल्या पायांनी चालत येऊन. शिक्षा झाली ती खटल्यानंतर, आधी नव्हे.

मुलांनो, तुमच्यापैकी कोणी वकिलीकडे जाणार असेल तर एक गोष्ट टिपून ठेवा. 1977 साली सुप्रीम कोर्टाने बालचंद यांच्या खटल्यात जामीन हा सर्वसाधारण नियम आणि तुरुंग हा अपवाद, या अर्थाचा जो विचार मांडला तो आज प्रत्येक वकिलाच्या तोंडी असतो. त्याच्या ऐंशी वर्षे आधी, परक्या राज्यात, राजद्रोहाच्या प्रकरणात मुंबईच्या एका न्यायमूर्तीने त्याच वाटेने विचार केला होता.

पुढे 1902 साली बद्रुद्दीन यांनी काही काळ मुंबईचे हंगामी मुख्य न्यायमूर्ती म्हणून काम पाहिले. हा मान मिळालेले ते मुंबईतले पहिले हिंदी. 1903 साली मुंबईत भरलेल्या मोहमेडन एज्युकेशनल कॉन्फरन्सचे ते अध्यक्ष होते आणि त्या व्यासपीठावरून त्यांनी मुलींच्या तालीमची आणि पडद्याच्या जाचाची चर्चा केली. बोलून थांबले नाहीत, आपल्या मुलींना त्यांनी शाळेत घातले, काहींना शिक्षणासाठी विलायतेलाही पाठवले. ज्या घरी मुलीला सातवीनंतर घरी बसवण्याचा विचार चालू असेल तिथे ही माहिती मोठ्याने वाचावी. 19 ऑगस्ट 1906 रोजी लंडनमध्ये त्यांचे निधन झाले.

त्यानंतर दोनच वर्षांनी या हकिगतीचा उरलेला भाग घडला. 24 जून 1908 रोजी टिळकांना मुंबईत पुन्हा राजद्रोहाच्या वॉरंटावर पकडण्यात आले. खटला सेशनकडे गेला आणि जामिनाचा अर्ज हायकोर्टात आला. टिळकांच्या वतीने उभे होते तरुण बॅरिस्टर महंमदअली जिना. न्यायासनावर होते न्यायमूर्ती दिनशा दावर, म्हणजे अकरा वर्षांपूर्वी टिळकांसाठी जामीन मागणारे आणि बद्रुद्दीन यांच्याकडून तो मिळवणारे तेच दावर. कलम तेच होते, अधिकार तोच होता, आणि या वेळचे न्यायमूर्ती तो कसा वापरता येतो हे स्वतः जवळून पाहिलेले. त्यांनी जामीन नाकारला, आणि कारणांची चर्चा करणेही टाळले. टिळक तुरुंगातूनच खटल्याला आले, आपला बचाव त्यांनी स्वतःच केला, आणि 22 जुलैला त्यांना सहा वर्षे काळ्या पाण्याची शिक्षा झाली.

बद्रुद्दीन यांनी वापरलेले 498 कलम 1973 च्या कोडात 439 झाले आणि आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत 483 आहे. हायकोर्टात आणि सेशन कोर्टात रोज सकाळी जामिनाचे जे अर्ज पुकारले जातात त्यांतले बहुतेक याच कलमाखाली असतात.